चार टाकाऊ गल्ल्या आणि एक बादली

पडदा वर जातो तेव्हा रंगमंचावर अजून कुणी आलेलं नाही. डावीकडे बसथांबा, त्याच्या बाकाची एक फळी निखळलेली. उजवीकडे फर्निचरचं मोठं दुकान. काचेपलीकडे सोफे आणि सोफ्यांवर प्लॅस्टिक. मागे नाट्यगृहाची भिंत. तिच्यावर नव्याजुन्या निवडणुकांची पोस्टरं एकावर एक इतकी चिकटलेली, की भिंतीला पोट सुटलंय. आणि मधोमध, बाजाराच्या कोपऱ्यावर, तारेचं कुंपण घातलेली एक रिकामी जागा. आत गुडघाभर गवत आणि एक गंजका फलक: ‘महिलांच्या स्वच्छतागृहाची नियोजित जागा’.

प्रकाश जरा त्या फलकावर येऊ द्या. आमच्या वॉर्डाच्या सगळ्या निवडणुका ह्याच फलकाभोवती लढल्या गेल्या.

आता नाट्यगृहाच्या जिन्याखालून शिलाई मशीनची खडखड ऐकू येते. ह्या आमच्या टेलरताई. नाटक कंपनीचा कपडेपट, म्हणजे नटांच्या पोशाखांचं सगळं खातं, ह्यांच्याकडे. मी जन्मभर राजे केले, सरदार केले, दोनदा भूतही झालो, आणि ती सगळी मंडळी ह्यांनीच शिवली. माझं पोट सुटत गेलं तशा माझ्या झग्याच्या शिवणी त्या उसवत गेल्या. “राजे,” त्या तोंडात टाचण्या धरून म्हणायच्या, “राज्य वाढवा, पोट नको.” त्यांची कात्री फक्त कापडाची. मी एकदा त्या कात्रीनं कागद कापला, तर पुढचे कित्येक प्रयोग माझी बटणं मलाच लावावी लागली.

सगळं सुरू झालं ते आमच्या एका प्रयोगात. दुसरा अंक. नायिका माझ्या पायाशी येते, दयेची भीक मागते आणि निघून जाते. त्या दिवशी ती आली आणि माझ्या हातांवर कोसळली. प्रेक्षकांनी टाळ्यांचा कडकडाट केला. मलाही वाटलं, काय जीव ओतलाय पोरीनं! पडदा पाडला तो टेलरताईंनी. विंगेतून धावत आल्या, पोरीचा कमरपट्टा सैल केला, तोंडावर पाणी मारलं.

“काय झालं हिला?” मी विचारलं.

“दिवसभर पाण्याचा घोट घेतलेला नाही हिनं.”

“का बरं?”

ताईंनी माझ्याकडे असं पाहिलं, की झग्यातला राजा जागच्या जागी विरघळला. “पाणी प्यायलं की जावं लागतं, राजे. जायचं कुठं? तुमच्यासाठी मागे आडोसा आहे. आमच्यासाठी अख्ख्या बाजारात काही नाही. भाजीवाल्या पीत नाहीत, दुकानातल्या मुली पीत नाहीत, मीसुद्धा पीत नाही. तुम्हाला आज कळलं, कारण ही तुमच्या अंगावर पडली.”

इतकी वर्षं मी त्या बाईला मापं देत आलो होतो, आणि मला हे माहीत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी त्या फर्निचरच्या दुकानात गेल्या. दुकान आमच्या नगरसेवकांचं. त्यांना सगळे ‘फीतवाले भाऊ’ म्हणत, कारण फीत कापण्याचा त्यांना भारी सोस. नवा दिवा लागला, फीत. गटारावर झाकण बसलं, झाकणाला फीत. भाऊ गोड माणूस. “ताई, निवडणूक होऊ दे, लगेच बांधतो,” असं म्हणून त्यांनी फलक लावला. फलकालाही फीत बांधून कापली. निवडणूक झाली. फलक तेवढा राहिला.

पुढच्या खेपेला ताई स्वतःच उभ्या राहिल्या. पक्ष नाही, पैसा नाही. निशाणी म्हणून शिलाई मशीन मागितलं, मिळाली बादली. विरोधकांना आयतं कोलीत मिळालं. पोरंटोरं मागे ओरडायची, “संडासबाई आली! संडासबाई!”

“ओरडू दे,” ताई म्हणाल्या. “निवडून आले की ह्याच्याहून जोरात ओरडा म्हणावं.”

मी त्यांच्यासाठी सभेत बोललो. राजाच्या आवाजात, हात फेकून, शेवटच्या रांगेपर्यंत. लोक खूश होऊन माझ्यासाठी टाळ्या वाजवून घरी गेले, आणि मतं भाऊंना देऊन आले. ताईंची अनामत जप्त. त्यांचे यजमान बसड्रायव्हर, मिस्कील माणूस. ते म्हणाले, “राजे, पुढच्या वेळी तुम्ही समोरच्या पार्टीसाठी बोला. आमचं काम होईल.”

आता पराभूत उमेदवार काय करतो? घरी बसतो. ह्या बाई पराभवाच्या दुसऱ्याच दिवशी दारोदार निघाल्या, आभार मानायला. हॉस्पिटलमागच्या गल्लीत एक नर्स म्हणाली, “मत दिलं हो ताई, पण ड्यूटीवरून येताना इथं काळोख असतो, त्याचं बघा ना कुणीतरी.”

निवडून न आलेल्या बाईनं ते बघितलं. त्यांची पद्धत अशी: महापालिकेच्या कार्यालयात जायचं, अर्ज द्यायचा, आणि साहेबाच्या दाराबाहेर बाकावर तुरपाई करत बसायचं. भांडण नाही, घोषणा नाही. मांडीवर कापड, बोटात सुई. काम होईपर्यंत उठायचं नाही. तिथला कारकून पहिल्यांदा हसला, मग अस्वस्थ झाला, मग रोज त्यांच्या पिशवीकडेच बघू लागला.

“ताई, आज केवढं काम आणलंय?”

“आज राजाचा झगा आहे. घेर फार मोठा आहे हो.”

कारकुनानं कपाळावर हात मारला आणि आत पळाला. हॉस्पिटलमागच्या गल्लीत दिवे लागले. मी जन्मभर झग्यात मिरवलो, पण माझ्या घेराचा समाजाला उपयोग झाला तो एवढाच.

पुढच्या निवडणुकीत हॉस्पिटलमागची गल्ली एकमुखानं ताईंची होती. आणि तेवढ्यात वॉर्डाच्या हद्दी नव्यानं आखल्या गेल्या. रेषा आखायचे अधिकारी, पण त्यांच्या कानाशी बसायचे भाऊ. ज्या गल्लीची कुरकुर जास्त, ती पलीकडच्या वॉर्डात ढकलायची, असा त्यांचा साधा हिशेब. घरातलं मोडकं स्टूल शेजाऱ्याच्या दारात ठेवावं, तसा. हॉस्पिटलमागची गल्ली गेली. ताई पुन्हा पडल्या.

मग गॅरेजवाल्यांची गल्ली. तिथलं गटार तुंबून तेलकट पाणी घरांत शिरायचं. ताईंनी दोन राजपुत्रांचे कोट आणि एका राणीची झालर त्या बाकावर संपवली, तेव्हा गटार उपसलं गेलं. गल्ली ताईंची झाली, आणि पुढच्या आखणीत पलीकडे गेली. मग बेकरीची गल्ली. तिथं नळाला धार नव्हती. धार आली, गल्ली गेली. दरम्यान ताई पुन्हा पडल्या. भाऊंच्या दुकानात विनोद चालायचा: “ताईंना एखादी गल्ली आवडली की कळवा रे, नकाशातून काढून टाकू!”

चौथ्या वेळी रेषा गेली ती थेट ताईंच्याच गल्लीच्या मधून. घर पलीकडच्या वॉर्डात, रस्ता ओलांडला की जिन्याखालचं मशीन ह्या वॉर्डात. ड्रायव्हरसाहेब सकाळी बॅग घेऊन दारात उभे. “अगं, जेवायला येशील ना आमच्या वॉर्डात? की परवाना लागेल?”

त्या वर्षी मात्र त्यांची थट्टा फार काळ टिकली नाही. एका संध्याकाळी ताई गॅरेजच्या गल्लीतून चिखलानं भरलेल्या चपला घेऊन आल्या. गटार पुन्हा तुंबलं होतं, ते त्या उपसून घेऊन आल्या होत्या. मी त्यांच्या घरीच बसलो होतो. ड्रायव्हरसाहेबांनी ताटावरचा हात काढला.

“त्या गल्लीचं आता तुला काय? ती आपल्या वॉर्डात नाही. त्यांचं एक मत तुला मिळणार नाही.”

“मत गेलं. गटार तिथंच आहे ना?”

“आणि तुझे डोळे? सुईत दोरा मी ओवून देतो आताशा. किती वेळा पडायचं माणसानं?”

ताईंनी चपला दाराबाहेर ठेवल्या. मग म्हणाल्या, “अजून एकदा. त्यात पडले, तर तो फलक मी माझ्या हातानं उपटून आणीन. खोटा फलक बघत मरायचं नाही मला.”

म्हणजे आता सगळं त्या एका निवडणुकीवर आलं.

शहर वाढलं होतं. दोन वॉर्डांच्या मधून तिसरा, नवा वॉर्ड काढायचा ठरलं. भाऊंनी विचार केला, आपला वॉर्ड कायमचा स्वच्छ करून घ्यावा. कटकटी जेवढ्या आहेत, तेवढ्या नव्यात जाऊ देत. शिवाय बाजाराचा तो कोपराही. “दर निवडणुकीला लोक त्या फलकाकडे बोट दाखवतात. माझ्या हद्दीत तो नकोच,” असं ते चारचौघांत म्हणाले. नव्या वॉर्डात उमेदवार त्यांचा मुलगा. त्याला सगळे युवराज म्हणत. म्हणजे राज्य घरातच.

नवा नकाशा कार्यालयाबाहेर लागला तेव्हा आम्ही तिघं बघायला गेलो. ताईंनी चष्मा पुसला आणि कापड बेतण्याआधी त्या जसं निरखून बघायच्या, तसं रेषेवरून बोट फिरवू लागल्या. बोट हॉस्पिटलच्या मागून निघालं, गॅरेजवरून गेलं, बेकरीला वळसा घातला, त्यांच्या घरावरून आलं आणि बाजाराच्या कोपऱ्यावर थांबलं. त्या तोंडाला पदर लावून हसायला लागल्या. हसता हसता बाकावर बसल्या. त्याच बाकावर.

“काय गं? काय झालं?” ड्रायव्हरसाहेब घाबरले.

“अहो, ह्यांनी चिंध्या म्हणून टाकल्या,” त्या म्हणाल्या, “त्या सगळ्या माझ्याच आहेत!”

प्रचारात मी आपण होऊन म्हणालो, एक सभा घेतो. ताईंनी हात जोडले. “राजे, आवाज नको. तुम्ही बादली धरा.” मी धरली. चारही गल्ल्यांतून त्यांच्यामागे बादली घेऊन हिंडलो. आयुष्यातली माझी एकमेव मूक भूमिका, आणि खरं सांगतो, एवढी दाद कुठल्याच राजाला मिळाली नाही. हॉस्पिटलमागच्या गल्लीत नर्सेस खिडक्यांतून हात हलवत होत्या. गॅरेजवाल्यांनी हॉर्न वाजवून कान किटवले. बेकरीच्या दारात बेकरीवाल्यांनी स्वतःचीच बादली नळाखाली धरली आणि धार दाखवली. युवराज गाडीतून भाषण करत फिरत होते. गॅरेजच्या गल्लीत त्यांनी विचारलं, “तुमची समस्या काय?” एक मेकॅनिक गाडीखालून म्हणाला, “होती. आता नाही.”

मतमोजणी शाळेच्या व्यायामशाळेत. पेट्या गल्लीवार उघडत होत्या. हॉस्पिटलमागची उघडली: बादली. गॅरेज: बादली. बेकरी: बादली, बादली, बादली. मोजणारी मुलगी एकच शब्द म्हणून म्हणून कंटाळली. बाजाराच्या कोपऱ्याची पेटी उघडली तेव्हा युवराज हळूच मागच्या दारानं गेले. ताई निवडून आल्या, आणि अशा की युवराजांची अनामतही उरली नाही.

बाहेर जी आरोळी उठली, ती मी कुठल्याही नाट्यगृहात ऐकलेली नाही. “संडासबाईचा विजय असो!” भाजीवाल्या ओरडत होत्या, दुकानातल्या मुली ओरडत होत्या, आणि पूर्वी मागे लागणारी ती पोरंटोरं, आता त्यांना मिशा आलेल्या, तीसुद्धा घसा फोडत होती. जोरात, अगदी ताईंनी सांगितलं होतं तसं. ती आमची नायिकाही आली होती, आता आजीबाई. तिनं ताईंना मिठी मारली आणि ह्या वेळी कोसळलो तो मी.

गर्दीतून तो कारकून पुढे आला. “ताई, आता बाकावर नाही, आत खुर्चीवर बसायचं.”

“खुर्चीवर तुरपाई करता येते ना?”

“तेवढी वेळ आम्ही येऊ देणार नाही हो,” तो कळवळून म्हणाला.

आणि नाही आली. कोपऱ्यावरचं कुंपण निघालं, गवत निघालं, पाया खणला गेला. आत नळ, दाराला आतून कडी, वर दिवा, पिशवी अडकवायला खुंटी. खुंटीची उंची ताईंनी स्वतः टेपनं मापून दिली.

उद्घाटनाच्या दिवशी ताईंनी कुणाला बोलवावं? फीतवाल्या भाऊंना! लोकांना नवल वाटलं. भाऊ आले, जरा चोरट्यासारखे, मागे उभे राहिले. दाराला लाल फीत होती, समोर माइक होता, आणि माइकपासून बसथांब्यापर्यंत बायकांची रांग होती. महापालिकेच्या तबकातली कात्री इतकी बोथट, की अधिकाऱ्याच्या हातात ती फीत नुसती चघळत होती. तेवढ्यात कुणीतरी म्हणालं, “ताई, दोन शब्द!”

ताईंनी पिशवीत हात घातला आणि ती कात्री काढली, कापडाची, माझ्या हाती पुन्हा कधीही न दिलेली. मी पाहिलं, भाऊंची नजर फितीवर खिळली होती, लहान मुलाची असते तशी. ताईंनीही पाहिलं. कात्री उलटी धरून, मूठ त्यांच्या हातात देत त्या माइककडे न वळताच म्हणाल्या, “घ्या भाऊ, तुम्हीच कापा, आणि कापलीत की पटकन बाजूला व्हा, बायका कधीच्या खोळंबल्यात!”