भूकंप फक्त माझ्याच घरात

भूकंप होऊन सात-आठ वर्षं झाली होती, तरी लातुरात आमच्या गल्लीत घरोघरी फळीवर एक मनोरा असायचा: उपडा तांब्या, त्यावर उपडा पेला, पेल्यावर चमचा. जमीन जराशी हलली की चमचा खणकन खाली आणि माणसं बाहेर. माझा मनोरा स्वयंपाकघरात होता. मी तेव्हा मेस चालवायची. डॉक्टरकीच्या प्रवेशाच्या शिकवण्यांसाठी चाकूर, लोहा, कुठून कुठून आलेल्या बारा मुली माझ्याकडे जेवायच्या.

त्याच वर्षी माझी पाळी थांबली. काय आनंद झाला म्हणून सांगू! तीस वर्षं, महिन्यातले चार दिवस लोणच्याच्या बरणीला हात लावायचा नाही की पापड लाटायचे नाहीत. आता बरणी माझी, डबा माझा. "मी आता बाप्या माणसासारखी मोकळी," असं गल्लीभर सांगत सुटले आणि प्रत्येक जेवणाला लोणच्याच्या चार-चार फोडी वाढून घेऊ लागले. अशी मी शहाणी!

मग एका दुपारी, मुली पंगतीत बसलेल्या असताना, सगळं धडधड हललं. मी ओरडले, "भूकंप! पळा!" बारा जणी वरणाचे हात घेऊन गल्लीत. चमचा मात्र जागच्या जागी.

आठवड्याभरात असं तीनदा झालं. तिसऱ्यांदा एकही उठली नाही. भात कालवत एक म्हणाली, "काकू, चमचा न्हाई हलला."

"चमचा बहिरा झालाय," मी म्हटलं.

खातरी करायला मी परातीत पाणी घेऊन जमिनीवर ठेवलं आणि समोर बसले. पाणी आरशासारखं शांत, आणि मी गदागदा हलतेय. तेवढ्यात शेजारच्या आपा आल्या. त्या ब्लाउज शिवायच्या. आमची मधली भिंत एकच.

"अगं, भिंत एक हाय आपली," त्या म्हणाल्या. "मग भूकंप तुझ्याच घरात कसा येऊन राहिला?"

त्यांनी माझं मनगट धरलं. त्यांचा नवरा हृदयाच्या दुखण्यानं गेलेला, त्यामुळे नाडी त्यांना कळायची. त्यांच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. "चल. आत्ताच्या आत्ता."

दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी पहिलाच प्रश्न केला, "पाळी कधी थांबली?" मला वाटलं, छातीचं सांगायला आले आणि ही भलतंच विचारून राहिली. छातीला तारा लावून ईसीजीची पट्टी काढली. ती ठीक निघाली. रक्तदाब मात्र चांगलाच चढलेला.

"पण पाळीचा आणि हृदयाचा काय संबंध?" मला राहवेना.

"पाळी चालू असेपर्यंत अंगात एक रस तयार होतो," त्या म्हणाल्या. "रक्तवाहिन्या त्यानं लवचीक राहतात. तो आटला की रक्तदाब वाढू लागतो, रक्तातली चरबीही. मग बाईचा धोका हळूहळू पुरुषाच्या जवळ जातो."

"म्हणजे बाप्या माणसासारखा?"

आपांनी तोंडावर पदर धरला.

"धडधड या वयात होते, बहुतेकदा त्यात काही नसतं," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "आणखी काही होतं का?"

मुलींच्या खोल्यांवर रात्रीचे डबे पोचवताना मी महिनाभर अर्ध्या जिन्यात बसत होते. वय झालं, दुसरं काय, असं समजून. ते ऐकून त्या चिडल्या. बाईचं हृदय बिघडलं तर छातीत कळ येईलच असं नाही. कधी नुसती धाप, कधी थकवा, कधी पाठ नाहीतर जबडा दुखतो. हे आधी सांगायला हवं होतं. मग आणखी तपासण्या, रोजची गोळी, आणि लोणचं-पापड बंद. एवढी वर्षं वाट पाहून मिळालेली बरणी माझ्या हातात जेमतेम सहा महिने राहिली.

घरी आल्यावर बारा जणींसमोर मी सगळं सांगितलं, पाळी हा शब्द मोठ्यानं उच्चारून. डॉक्टर व्हायला निघालेल्या त्या पोरी लाजल्या!

नंतर माझी इतकी खातरी पटली, की एका सकाळी घर हललं तेव्हा मी पाटावर बसून शांतपणे स्वतःची नाडी मोजू लागले. नाडी नीट, तरी डोक्यात उजेड पडेना. मुली पळाल्या तरी मी हसतेय, "बसा गं, माझंच आहे ते."

आपांनी दारातून येऊन माझा दंड धरला. "ऊठ, बये! आज माझ्या घरात बी आलाय!"

त्यांनी मला ओढत गल्लीत नेलं, तेव्हा चमचा फरशीवर पडलेला होता.