वेशीवर थांबलेली बाई

“आडनाव टाक आधी, मग ठरवू हिला कुठं ठेवायचं,” शेजारची मुलगी कॉम्प्युटरसमोर बसलेल्या बहिणीला म्हणाली. राहुरीच्या त्या कॉलनीत आम्हाला येऊन आठच दिवस झाले होते आणि पडद्यावरचं इंग्रजी वाचून सांगायला त्यांनी मला बोलावलं होतं. खिडकीतून साखर कारखान्याच्या मळीचा वास येत होता. त्यांच्या गाव वसवायच्या खेळात रिकामं घर बांधलं की गावाच्या वेशीवर बॅग घेऊन कुणीतरी नवं माणूस उभं राहायचं, आणि नाव-आडनाव दिल्याशिवाय ते आत येत नसे. आताही एक बाई केव्हाची तिथे उभी होती. तेवढ्यात त्या बहिणींची आई माझ्यासाठी पाण्याचा पेला घेऊन आली, पण तो हातातच धरून म्हणाली, “तुमचं आडनाव काय गं? सांगितलंच न्हाई तू.” आधीच्या कॉलनीत आडनावावरून आमची जात कळली आणि मला खेळायला बोलावणं बंद झालं होतं. मळीचा वास आला की काकूंनी हातातच धरलेला तो पेला मला अजूनही आठवतो. मी वेशीवरच्या त्या बाईकडे पाहिलं, मग पेल्याकडे, आणि म्हणाले, “आधी पाणी द्या, काकू. मग आडनाव सांगते.”