टाचा न टेकवणारी राजकन्या

मित्रहो, आज दुपारी आमच्या घरी शास्त्रसंमत वामकुक्षीचा वध झाला. आरोपी माझी मुलगी. बॅलेवरून बेतलेला, हंस झालेल्या राजकन्येचा कार्टून सिनेमा तिने मोठ्या आवाजात लावला. मुलगी लहान असताना ती आणि माझी आई तो सारखा बघायच्या.

खुब्याच्या ऑपरेशनपासून आई आमच्याकडे वालचंदनगरला आहे. "आजी, खिडकी धरून टाचा उचला," हे सांगून बारामतीचे डॉक्टर दमले. आईचं एकच, "आता न्हाय व्हायचं."

आज राजकन्या चवड्यांवर नाचू लागली, तशी आई म्हणाली, "हिला दारं धरायला शिकवलेलं दिसतंय! उसाला पाणी देताना आमी असंच चालायचो. टाच पडली की वरंबा फुटतोय."

"आजी, काहीही हं!"

"काहीही व्हय? बघ मग!"

आणि आई उठली. खिडकीचा गज धरून चवड्यांवर उभी राहिली, मग वॉकरशिवाय थेट स्वयंपाकघरापर्यंत गेली! मुलगी नाचली. मी संस्कृतचा मास्तर असल्याचं विसरून शिट्टी मारली.

चहा झाल्यावर आई पिशवी भरायला लागली. "मला सणसरला सोड."

सणसर तिचं गाव; एरवी तिथे ती एकटी राहते. तुम्ही काय केलं असतं? खरं सांगतो, ती चालत नव्हती तेव्हा मला एवढी भीती वाटली नव्हती.