ताटातलं नाव

दुष्काळात आम्ही रेशनची लाल मिलो ज्वारी खात होतो, तेव्हा कोरेगावच्या शाळेत मुंबईची एक कलावंत बाई ताटभर तांदूळ घेऊन बसली. बायकांनी त्यात बोटानं माहेरचं नाव लिहायचं आणि तिनं ते तळहातानं हळूच पुसायचं. लग्नात आमची नावं अशीच ताटात बदलली होती, पण त्याला कुणी कला म्हटलं नव्हतं.

"आवं, तांदूळ निवडल्यात का?" सासूबाईंनी तिला विचारलं.

मी नाव लिहिलं. बाईनं पुसायला हात नेला, तसं मी तिचं मनगट धरलं.

"पुसल्याशिवाय कलाकृती पुरी होत नाही, ताई."

"पुसायचं काम सासरी कवाच झालंय."

बोलून गेले आणि सासूबाईंकडे बघायची हिंमत होईना. त्या ताटावर वाकल्या.

"माझंबी लिव गं," त्या म्हणाल्या. "चिंगी."