तो मोटारसायकलवरून पडला नव्हता

तो मोटारसायकलवरून पडला नव्हता. दारू पिऊन तर मुळीच नाही. तो पीत नाही. डोंबिवलीत गेली दोन वर्षं जे बोललं जातं, त्याची सुरुवात माझ्या तोंडून झाली. मी आता बहात्तर वर्षांचा आहे, तेव्हा खरं काय घडलं तेही मीच लिहून ठेवायला हवं.

मानपाड्याच्या एका कारखान्यात मी फिटर होतो. नोकरी संपली, पण संध्याकाळी मैदानावर मुलांना फुटबॉल शिकवणं थांबलं नाही. हा मुलगा नऊ वर्षांचा असताना माझ्याकडे आला. गोल मारायची हौस असलेली मुलं हवी तेवढी मिळतात. याला गोल अडवायला आवडायचं. समोरचा चेंडू घेऊन आला की बाकीची पोरं चेंडूकडे बघत, हा त्याच्या कमरेकडे बघायचा. पाय फसवतात, कंबर फसवत नाही, हे मी त्याला शिकवलं नव्हतं. एकोणिसाव्या वर्षी परराज्यातल्या एका व्यावसायिक क्लबाने त्याला करारावर घेतलं. पहिली दोन वर्षं बहुतेक बाकावर गेली. तिसऱ्या वर्षी मात्र तो सलग खेळू लागला. त्याचा सामना मोबाइलवर लागला की आमची सगळी पोरं सराव सोडून घोळका करत, आणि मी रागावल्यासारखं करून त्यांच्या मागे उभा राहत असे.

त्या वर्षीच्या मे महिन्यात तो दोन आठवड्यांच्या सुट्टीवर घरी आलेला. आमच्या मैदानावर सात-सात जणांची स्पर्धा चालू होती. अंतिम सामना कल्याणच्या संघाशी होता. त्यांच्याकडून आम्ही लागोपाठ तीन वर्षं हरलो होतो. सामन्याच्या दिवशी सकाळी कळलं की आमच्या स्टॉपरला, म्हणजे मागे बचाव करणाऱ्या मुलाला, कावीळ झाली आहे.

मी कोपरला त्याच्या घरी गेलो. तो दारातच म्हणाला, "सर, करारात आहे, बाहेर कुठे खेळायचं नाही."

"इथे करार बघायला कोण येणार आहे?"

"तसं नाही सर."

"अर्धा तास रे. नुसता मागे उभा राहा."

 आतून त्याची आई म्हणाली, "सर, त्याला सुट्टी आहे हो, झोपू दे जरा." तेव्हा मी ते वाक्य बोललो. "असू दे वहिनी. मोठा माणूस झालाय आता, आमच्या मातीत कशाला उतरेल."

त्याने मान खाली घातली आणि बूट शोधायला आत गेला. मी जिंकल्यासारखा जिना उतरलो. 

खेळाडूंच्या यादीत मी त्याला कावीळ झालेल्या मुलाच्या नावावर लिहिलं. अक्षर माझं, सही माझी. मैदानावरच्या प्रत्येकाने त्याला ओळखलं. कल्याणचा कप्तान यादी वाचून माझ्याकडे आला आणि म्हणाला, "सर, कावीळ लगेच उतरली वाटतं! आणि उंची पण वाढली!" आजूबाजूचे हसले. मीही हसलो. त्याने तक्रार केली नाही. एवढ्या मोठ्या खेळाडूविरुद्ध खेळायला मिळतंय, याचाच त्याला आनंद होता.

आता त्या मैदानाबद्दल सांगायला हवं. आमचं मैदान लग्नाला, सभेला, कशालाही भाड्याने जातं. मांडव उतरला की बांबूंची भोकं राहतात. ती खडी घालून, पाणी मारून, धुमसाने ठोकून बुजवायची, हे काम माझं. सामन्याच्या पंधरा दिवस आधी एक मांडव उतरला होता. मी भोकांत माती लोटली, वरून पायाने दाबली आणि ठोकायचं उद्यावर टाकलं. तो उद्या आला नाही.

दुसऱ्या हाफमध्ये तो उजवीकडे वळला. जवळ कोणीही नव्हतं, कोणाचा धक्का नव्हता. डावा पाय घोट्यापर्यंत मातीत गेला आणि अंग पुढे फिरलं. तो ओरडला नाही. बसला आणि गुडघा दोन्ही हातांनी धरून माझ्याकडे बघत राहिला.

रिक्षातून दवाखान्यात जाताना त्याने विचारलं, "क्लबला काय सांगू सर?" वेदनेने त्याचा चेहरा घामाने भिजला होता आणि त्याला काळजी क्लबची होती. मी म्हटलं, "गाडीवरून घसरलो सांग. सगळेच घसरतात." मग मैदानावर परत येऊन सगळ्यांना सांगितलं, पोराच्या करिअरचा प्रश्न आहे, कोणी एक शब्द बोलायचा नाही. आणि खरोखर कोणी बोललं नाही. कल्याणवाल्यांनीसुद्धा नाही. एवढी शिस्त मी आमच्या पोरांना खेळात कधी लावू शकलो नव्हतो.

मला हे ठाऊक नव्हतं की त्या करारात मोटारसायकल चालवायलाही बंदी होती. त्यालाही त्या गडबडीत आठवलं नसावं. ठाण्याच्या डॉक्टरांनी लिगामेंट तुटल्याचं सांगितलं. क्लबने विचारलं, त्याने गाडीचं सांगितलं, आणि पुढचा हंगाम सुरू होण्याआधी करार संपला. सामन्याचं खरं सांगितलं असतं तरी कदाचित हेच झालं असतं. पण निदान बेफिकीर म्हणून त्याच्यावर ठपका बसला नसता. गाडीवरून पडला यात दारू घालायला त्याच्या बिल्डिंगमधल्या लोकांना एक आठवडाही लागला नाही.

ऑपरेशन झालं. तो मैदानाजवळच्या पाण्याच्या टाकीशेजारच्या जिन्यावर चढउतार करायचा, मी खाली उभा राहून मोजायचो. माझ्यावर तो एकदाही चिडला नाही. चिडला असता तर बरं झालं असतं.

गेल्या महिन्यात ठाण्याच्या एका संघाने त्याला दोन आठवड्यांच्या चाचणीला बोलावलं. चौथ्या दिवशी मला त्यांच्या मॅनेजरचा फोन आला. मी त्याचा पहिला प्रशिक्षक, म्हणून.

"सर, खेळ चांगलाय मुलाचा. गुडघाही ठीक वाटतोय. पण तो बाइकचा प्रकार काय होता? आम्हाला शिस्तीचं बघावं लागतं."

 मी म्हणालो, "वय असतं ते. आता सुधारलाय." फोन ठेवला आणि लक्षात आलं, न केलेली चूक मी त्याच्या नावावर दुसऱ्यांदा लिहिली आहे.

दोन दिवस मी जेवलो नाही म्हणण्यापेक्षा, जेवलेलं कळलं नाही. खरं सांगावं तर खोट्या नावाने खेळणं हाही गुन्हाच, आणि त्यात तोही सामील. चाचणी चालू असताना हे उघडं केलं आणि त्याला घरी पाठवलं तर? न सांगावं तर तो बेदरकार ठरतो. शेवटी मी कोपरला गेलो. तो ठाण्याला होता. त्याच्या आईला सगळं सांगितलं. रिक्षातला तो खोटेपणा माझा होता, हे तिला तोवर ठाऊक नव्हतं. पोरानेच थाप मारली असं ती समजत होती.

तिने शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाली, "सर, एक विचारू? हलकं कोणाला व्हायचंय? तुम्हाला, का त्याला?"

मी म्हणालो, तेच कळत नाही. ती म्हणाली, "मग त्यालाच विचारा. तेव्हा विचारलं नव्हतंत. नुसतं बोललात."

तो संध्याकाळी आला. मी विचारलं. त्याने गुडघ्यावरची पट्टी सोडली, परत बांधली.

"मला भीती वाटते सर," तो म्हणाला. "घेतील असं वाटायला लागलेलं."

"मग राहू दे. मी बोलणार नाही."

"नाही, बोला. उद्या घेतलं आणि परवा कुठून कळलं तर? मी रोज तेच घाबरत खेळू का? मागे उभं राहणाऱ्याने घाबरून नाही चालत." मग आईकडे बघून म्हणाला, "आणि हिला खालच्या बायका काय काय ऐकवतात, तुम्हाला माहीत नाही."

मी रात्री लिहायला बसलो नाही. दिव्याखाली अक्षर बिघडतं. सकाळी उजेडात एक पान लिहिलं. यादी, भोकं, रिक्षा, आणि मॅनेजरला फोनवर दिलेलं उत्तर. सही केली आणि ठाण्याला गेलो.

मॅनेजर माझ्या मुलाच्या वयाचा. त्याने पान दोनदा वाचलं.

"यादी तुमच्या अक्षरात होती?"

"हो."

"आणि त्या दिवशी फोनवर माझ्याशी खोटं बोललात."

"हो."

"आज खरं बोलताय हे मी कशावरून धरू?"

 मी म्हटलं, कल्याणच्या कप्तानाला विचारा, त्याचा नंबर पानामागे लिहिलाय. त्याने माझ्यासमोरच फोन लावला. पलीकडून बराच वेळ बोलणं चाललं होतं. मॅनेजर एकदाच हसला, बहुधा काविळीच्या विनोदाला. मग त्याने मला बाहेर थांबायला सांगितलं आणि पोराला मैदानावरून आत बोलावलं.

दाराला काच होती. तो उभाच होता, हात पाठीमागे. थोड्या वेळाने हात पुढे आले, तो काहीतरी समजावू लागला. दोन वर्षांत मी त्याला एवढं बोलताना पाहिलं नव्हतं. माझ्याबद्दल बोलत असेल, आणि जे बोलत असेल ते बरोबरच असेल, असं वाटलं. मी बाकावर बसलो, उठलो, परत बसलो.

तो बाहेर आला.

"काय म्हणाले?"

"उद्या साडेसहाला यायला सांगितलंय."

"म्हणजे घेतलं?"

"म्हणजे उद्या साडेसहाला, सर."

"चिडले का?"

"माझ्यावर चिडले. नाही म्हणायला हवं होतंस म्हणाले." त्याने चेंडूंची जाळी उचलली. "बरोबरच आहे."

मी म्हटलं, नाही, ते माझं होतं. तो म्हणाला, तुमचं तुम्ही लिहून दिलंत ना, माझं मला राहू द्या. मग चेंडूंची जाळी खांद्यावर टाकून तो मैदानात परत गेला, कारण सराव अजून संपला नव्हता.