मी नटी आहे, असं सांगून

ग्वाल्हेर स्टेशनावर मला पोहोचवायला आई एकटीच आली. माझे वडील, नाना, शहराच्या लष्कर भागातल्या आमच्या घरी आतून कडी लावून बसले होते. "तमाशे करायला चाललीस, घरची ना घाटची होशील," एवढंच म्हणाले. वा रे न्याय! कीर्तन मला त्यांनीच शिकवलं. राममंदिरात सीतेचं आख्यान लावून मी बायकांना रडवलं की ती भक्ती, आणि मुंबईत कॅमेऱ्यापुढे उभी राहिले की तमाशा!

गेलेच मी. नाटकं केली, सरकारी डॉक्युमेंटऱ्या केल्या. कधी भात लावणारी शेतकरीण, कधी पोराला लस टोचून घेणारी आई. मुख्य पिक्चरच्या आधी थोडा वेळ दिसायचे, पण देशभर दिसायचे. 'कशाला परेशान होता?' म्हटलं की सेटवर हशा, 'आली ग्वाल्हेरवाली!' हसा खुशाल. मी काही बोली बदलली नाही.

इकडे ग्वाल्हेर संस्थान गेलं, मध्यभारत नावाचं राज्य आलं, तेही गेलं. नवी राजधानी भोपाळला, तिच्यामागे नानांच्या नोकरीचं सरकारी दफ्तर आणि दफ्तरामागे नाना. मला घर सोडू नकोस म्हणणारा माणूस सरकारी क्वार्टरात राहायला गेला. आधी हसू आलं, मग फार वाईट वाटलं.

त्यानंतर रामनवमीला त्याच मंदिरातून मला कीर्तनाचं बोलावणं आलं. नानाही भोपाळहून येणार होते. आईकरवी त्यांचा निरोप आला, "सिनेमाचं नाव काढू नकोस. शाळेत शिकवते म्हण."

मी उभी राहिले आणि आधी नेमकं नको तेच सांगितलं, "मी नटी आहे. इंदरगंजच्या टॉकीजमध्ये भात लावताना पाहिलीत ना, ती मीच. चालत नसेल त्यांनी उठावं." दोघं-तिघं उठले. नाना खाली मान घालून बसून राहिले.

पूर्वरंग, म्हणजे कीर्तनाचा पहिला भाग, संपला. आता कीर्तनकाराला हार घालायची वेळ. नारदाच्या गादीवर कोणीही असो, वडीलधारेसुद्धा त्याच्या पाया पडतात. मंडळींनी हार नानांच्या हाती दिला. नाना उठले, हार घातला, बुक्का लावला आणि सगळ्यांसमोर वाकले.

"गादीला वाकले, हिला थोडेच!" लोक कुजबुजले. म्हणेनात का! तुम्ही ग्वाल्हेरात राहिलेले आणि माझ्यासारखे बाहेर पडलेले, दोघंही विचारता, आता घर कुठलं? लष्करातल्या घरात दुसरे राहतात, नाना भोपाळला, मी मुंबईला. माझं घर ती गादी. नटी आहे असं सांगून मी तिच्यावर उभी राहिले, आणि माझ्या बापानं मला खाली उतरवलं नाही.