बाबांची घोडदौड

गेल्या हिवाळ्यात बाबा व्हिजिट व्हिसावर आमच्याकडे सौदीत अल-खोबरला आले, तेव्हा त्यांची कीर्ती त्यांच्याआधीच येऊन पोचली होती. ती मीच पोचवली होती. इथल्या मराठी मंडळींत कुणाचा भाऊ अमेरिकेत डॉक्टर, कुणाचे सासरे निवृत्त न्यायाधीश. मग माझे वडील टीव्हीवरचे काउबॉय होते, हे मी का सांगू नये?

एके काळी दर रविवारी ती हिंदी मालिका लागली की आमची गल्ली ओस पडायची. टोप्या, कमरेला पिस्तुलं, उडती धूळ आणि मधोमध बाबा. शूटिंग पुण्याजवळच्या दगडखाणीत चालायचं. दोन वर्षं मोठ्या तोऱ्यात गेली. बाबांनी त्यापायी बँकेतली कायमची नोकरी सोडली होती, आणि मालिका बंद पडल्यावर त्यांना कुणी दुसरं काम देईना. कौटुंबिक मालिकेत साध्या बापाची भूमिका मागायला गेले तरी लोक म्हणायचे, "तुमच्या डोक्यावर टोपीच दिसते हो आम्हाला." मग दुकानांची उद्घाटनं, शाळांची गॅदरिंगं. तिथेही पिस्तूल रोखून फोटो. आईने शिकवण्या घेऊन घर ओढलं. बाबा चाळिशीच्या आतच माजी झाले आणि माजीच राहिले. मला या गोष्टीचा अजून राग येतो, फक्त तो कुणावर काढायचा ते कळत नाही.

माझ्या मुलीला मालिकेचे तुकडे मोबाइलवर सापडले. एरवी आमच्या मराठीला इंग्रजीत उत्तर देणारी ही पोर आजोबांसाठी मोडकंतोडकं मराठी बोलू लागली. समुद्रकाठच्या कॉर्निशवर त्यांचा हात धरून चालायची आणि मैत्रिणींना सांगायची, माझे आजोबा धावत्या घोड्यावरून उडी मारतात. बाबा त्यावर काहीच बोलायचे नाहीत. मला तो त्यांचा विनय वाटायचा.

एका शुक्रवारी चार-पाच कुटुंबं मिळून शहराबाहेरच्या घोड्यांच्या फार्मवर गेलो. मिसळ झाली, चहा झाला. आमच्यातल्या एका हौशी इंजिनिअरने मॉलमधून तशीच टोपी आणली होती, ती त्याने बाबांच्या डोक्यावर ठेवली. "बाबा, एक राउंड होऊन जाऊ द्या!" पाकिस्तानी मोतद्दार घोडा घेऊन पुढे आला. "बैठो चाचा, यल्ला."

बाबांनी खोगिराला हात लावला आणि मागे घेतला. माझी मुलगी मोबाइल वर धरून उभी होती.

"मला बसता येत नाही," बाबा म्हणाले. "आयुष्यात मी कधी घोड्यावर बसलेलो नाही. भीती वाटते मला."

हशा पिकला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. कुणी म्हणालं, "काय टायमिंग आहे, या वयात!" बाबा हात जोडून पुन्हा पुन्हा तेच सांगत होते आणि लोक पोट धरधरून हसत होते. इतक्या वर्षांत त्यांना एवढी दाद मिळाली नसेल. मला त्यांच्या तोंडाकडे बघवेना. ते खरं बोलताहेत हे मला कळलं होतं, आणि सगळ्यांना त्यांची कीर्ती सांगत सुटले होते ती मीच, याची लाज वाटत होती.

मुलगी तेवढी हसली नाही. तिने मोबाइल खाली घेतला. मी दोघांना गाडीत आणून बसवलं, एसी लावला.

"तेलाच्या रिकाम्या पिंपाला खोगीर बांधलेलं असायचं," बाबा तिला सांगू लागले. "मी त्यावर बसायचो. दोघं जण पिंप हलवायचे, एक जण पंख्यासमोर माती सोडायचा. जवळून दिसायचं ते तोंड माझं. लांबून दिसायचा तो डुप्लिकेट."

"आणि उडी?"

"ती पण त्याचीच. शेवटच्या उडीत त्याचं कमरेचं हाड मोडलं. टेम्पोत घालून नेलं त्याला. त्याच्याशिवाय मालिका चालेना, म्हणून बंद पडली. मी त्याला बघायला जाणार होतो. आज जाऊ, उद्या जाऊ करत राहिलो."

माझी मुलगी त्यांच्याकडे वळली. मग तिने विचारलं, "नाव काय त्यांचं?"

बाबा आठवत राहिले. दोन वर्षं तो माणूस त्यांच्यासारखेच कपडे घालून त्यांच्या शेजारी जेवायला बसत होता.

"आम्ही सगळे डुप्लिकेटच म्हणायचो गं त्याला," ते म्हणाले.